दहा वर्षांची सेवा आणि मंजूर पद

‘दहा वर्षे शिकवले म्हणजे शासकीय सेवेत सामावून घेण्याचा हक्क मिळतो,’ असे वर एका सदस्यांनी लिहिले आहे. ते तसे सरळ नाही. उमादेवी प्रकरणात (कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी, हंगामी कर्मचाऱ्यांना सेवेत कायम करण्याबाबतचा खटला) सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 10 एप्रिल 2006 रोजी दिलेल्या निकालात दहा वर्षे सेवा झालेल्यांना कायम करण्याची सवलत एकवेळची होती, आणि तीही मंजूर व रिक्त पदावर, पात्रता असताना, न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना काम केलेल्यांसाठीच होती. नेमणूक ‘अनियमित’ (पद मंजूर, उमेदवार पात्र, पण निवडप्रक्रियेत त्रुटी) की ‘बेकायदेशीर’ (मंजूर पद किंवा पात्रताच नाही), यावर सारा खटला फिरतो.

खासगी महाविद्यालय शासनाने ताब्यात घेतले, तर हा प्रश्न अधिकच बिकट होतो, कारण मूळ नेमणूक संस्थेची असते. अशा वेळी जाहिरातीचे कात्रण, निवड समितीचे इतिवृत्त आणि विद्यापीठाच्या मान्यतेचे पत्र हे तीन कागद निर्णायक ठरू शकतात. संस्थाचालकांनी ते नीट जपले नाहीत, तर शिक्षा मात्र प्राध्यापकाला होते, हे मला अत्यंत अन्यायाचे वाटते.

डिसेंबर 2024 मधील जग्गो प्रकरणात (जग्गो विरुद्ध भारत संघ), दीर्घकाळ नियमित स्वरूपाचे काम करून घेतलेल्यांना डावलण्यासाठी उमादेवीचा आधार घेता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले. सेवेत सामावून घेण्याच्या अर्जात या निकालाचा उल्लेख अवश्य करावा.