मदत हवी आहे: 'देन प्ले ऑन'मधली दोन गाणी गायब

घाईतला_गणू: फ्लीटवूड मॅक या ब्रिटिश बँडची 'देन प्ले ऑन' सेकंडहँड मागवली. 'वन सनी डे' आणि 'विदाउट यू' नाहीतच! विकणारा म्हणतो हीच पूर्ण. गंडवलं का मला? परत पाठवायची मुदत उद्या संपतेय, पटकन सांगा.

जुनी_तबकडी: सीडी की एलपी? कुठल्या देशातली?

खमंग: फ्लीटवूड मॅक म्हणजे 'रूमर्स', १९७७. बाकी वेळ घालवू नका.

बाराबार: @खमंग, झालं सुरू! बँडचा मूळ गिटारिस्ट पीटर ग्रीन १९७० मध्येच बाहेर पडला. 'रूमर्स'पर्यंत त्याच्या वेळचे फक्त ड्रम आणि बास वाजवणारे उरले होते. इथे ब्लूजबद्दल चाललंय.

घाईतला_गणू: एलपी हो. अमेरिकन. भांडू नका, उत्तर द्या.

जुनी_तबकडी: त्यात 'ओह वेल' आहे?

घाईतला_गणू: आहे, नऊ मिनिटांचं. त्याचा इथे काय संबंध?

जुनी_तबकडी: तोच तर संबंध. १९६९ मध्ये ब्रिटनमध्ये १४ गाण्यांची निघाली. अमेरिकेत त्याआधीच 'इंग्लिश रोझ' नावाचं संकलन आलं होतं, त्यात तुमची ती दोन होती. म्हणून तिथल्या आवृत्तीतून वगळली. पुढे 'ओह वेल' घुसवायला 'व्हेन यू से' आणि 'माय ड्रीम'ही काढली. बघा, तुमच्याकडे दोन नाही, चार कमी असतील.

घाईतला_गणू: अरे देवा. ती दोन्हीपण नाहीत!!

बाराबार: चारही बँडमधल्या डॅनी कर्वनची. एकोणीस वर्षांचा पोरगा, कात्री दोन्ही वेळा त्याच्याच गाण्यांवर.

शिकागोकर: मी म्हणतो ही एलपी सोडाच. जानेवारी १९६९ मध्ये हीच मंडळी शिकागोत चेस या रेकॉर्ड कंपनीच्या स्टुडिओत विली डिक्सन, ओटिस स्पॅन, बडी गाय या ब्लूजवाल्यांबरोबर वाजवत होती. ते रेकॉर्डिंग घ्या. तिथे ब्लूज शिकवणारे आणि शिकणारे एकाच खोलीत आहेत.

बाराबार: छान आहे, पण गणूला कर्वन हवाय. तुमच्या शिकागोत 'माय ड्रीम' कुठाय?

सुईदोरा: एलपीवर स्पिरिट ओतू नका. मऊ ब्रशने खाचांच्या दिशेनेच पुसा.

घाईतला_गणू: पुसण्याचं कोणी विचारलं??

जुनी_तबकडी: विकणारा खोटं बोलत नाहीये, त्याच्या देशात तेवढीच होती. सगळी गाणी हवीत तर २०१३ ची आवृत्ती शोधा. ब्रिटिश क्रम जसाच्या तसा, वर 'ओह वेल'चे दोन्ही भाग आणि 'द ग्रीन मनालिशी'सुद्धा.

खमंग: अवांतर: 'ब्लॅक मॅजिक वूमन' सँटानाचंच ना?

बाराबार: नाही!! ग्रीनचं. १९६८.

घाईतला_गणू: ही परत करतोय. २०१३ वाली कोणाकडे जास्तीची आहे का?