एका बांधासाठी सहा दावे : वारंवार दावे करणाऱ्यांना आवर घालावा का?

बांधकरी :
आमच्या वाटपाच्या दाव्याचा निकाल १९९८ साली लागला आणि अपीलही फेटाळले गेले. त्यानंतर चुलत्यांनी त्याच गटाबद्दल सहा दावे केले : कधी स्वतःच्या, कधी मुलाच्या, तर एकदा जावयाच्या नावाने. प्रत्येक दाव्यासोबत निशाणी ५ चा, म्हणजे निकालापर्यंत आम्हाला रोखण्याचा, मनाई अर्ज ठरलेलाच. त्यावर आमचे म्हणणे (लेखी उत्तर) दाखल होते, दोन वर्षे जातात, अर्ज नामंजूर होतो आणि दावा काढून घेतल्याची पुरशीस (लेखी कळवणी) येते. विनाकारण व सवयीने दावे करणाऱ्याला न्यायालयाच्या परवानगीशिवाय नवे प्रकरण दाखल करता येऊ नये, यासाठी महाराष्ट्रात १९७१ पासून कायदा आहे. मात्र तसा अर्ज उच्च न्यायालयात महाधिवक्त्यांनीच, म्हणजे राज्य सरकारच्या सर्वोच्च वकिलांनीच, करायचा असतो. आमच्या बांधासाठी महाधिवक्ते कशाला येतील? माझ्या मते हा अधिकार त्रास सोसणाऱ्या पक्षकाराला आणि जिल्हा न्यायालयाला मिळायला हवा.

सावली :
आपला त्रास खरा आहे, पण आकड्यावरून माणूस पारखू नये. माझ्या आईच्या नावावर पाच प्रकरणे आहेत. पहिले वादपत्र (दाव्याचा मूळ अर्ज) कोर्ट फी कमी भरल्यामुळे नामंजूर झाले. दुसऱ्या दाव्याच्या तारखेला वकील हजर राहिले नाहीत, म्हणून तो काढून टाकण्यात आला. तो पुन्हा सुरू करण्याचा (पुनर्स्थापनेचा) अर्ज उशिरा आला म्हणून फेटाळला, आणि उरलेली दोन प्रकरणे त्या फेटाळण्याविरुद्धची. माझे वडील गेल्यानंतर फेरफारात तिचे नाव का लागले नाही, हा प्रश्न एकाही न्यायाधीशापुढे गुणदोषांवर, म्हणजे खरे-खोटे तपासण्यासाठी, आलेला नाही. आपण मागता तो अधिकार उद्या तिच्या दिरांच्या हाती पडला, तर ते पाच प्रकरणे दाखवून तिला सवयीची दावेखोर ठरवतील.

बांधकरी :
आईंचा मुद्दा मान्य आहे, प्रकरणे मोजताना गुणदोषांवर लागलेले निकालच मोजावेत. पण मग निदान खर्च तरी खरा बसवा. खोट्या दाव्याबद्दल भरपाईचा खर्च देणाऱ्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३५अ ची कमाल मर्यादा आजही ३,००० रुपये आहे. इतके पैसे आमचे चुलते तालुक्याच्या दोन खेपांतच उडवतात. सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये, ६४ प्रकरणे दाखल करूनही एकात यश न मिळालेल्या सुराज इंडिया ट्रस्टला २५ लाखांचा खर्च बसवला होता. तालुक्याच्या न्यायालयाचे हात मात्र बांधलेलेच.

काळा कोट :
बावीस वर्षे तालुक्यात वकिली करतो, म्हणून लिहितो. १९७१ चा कायदा सैल केला तरी बांधकरी यांचे काम होणार नाही, कारण ती बंदी व्यक्तीवर असते आणि पुढचा दावा जावयाच्या नावाने येतो. त्यावर खरे औषध दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११ मध्ये आहे : एकदा निकाली निघालेला वाद त्याच पक्षकारांत पुन्हा चालत नाही. ज्याच्यामार्फत जावई हक्क सांगतो त्याच्यावर निकाल बंधनकारक असेल, तर तो जावयावरही बंधनकारक आहे. वादपत्र वाचतानाच दावा कायद्याने बाद दिसत असेल तर त्याच संहितेच्या आदेश ७ नियम ११ खाली तो नामंजूर करावा. न्या. कृष्ण अय्यर यांनी १९७७ मध्ये टी. अरिवंदनदम प्रकरणात न्यायाधीशांना नेमके हेच बजावले होते. तसा अर्ज पहिल्याच तारखेला द्यायचा सोडून आम्ही वकीलच म्हणण्यासाठी मुदत मागतो, हे कबूल करायला हवे.

आणि ताब्याची दरखास्त, म्हणजे १९९८ च्या निकालाची अंमलबजावणी करून घेण्याचा अर्ज, केली होती का? बेलीफ (न्यायालयाचा कर्मचारी) दारात गेल्यावर जो तिऱ्हाईत आडवा येतो, त्याची हरकत दरखास्तीतच निकाली काढायची असते, त्यासाठी वेगळा दावा चालत नाही.

बांधकरी :
दरखास्त केली नाही. घरातलाच मामला म्हणून वडिलांनी बेलीफ नेला नाही, आणि आता दरखास्तीची बारा वर्षांची मुदत कधीच उलटली आहे.

सावली :
म्हणजे चुलत्यांना सहा दावे करायला मोकळीक आपल्याच घराने दिली. तरीही बंदीचा कायदा माझ्या आईच्या डोक्यावर?