मदत हवी आहे: बांधावरच्या चिंचेवर घारीचं घरटं, झाड तोडता येईल का?

आमचं वावर कळंब तालुक्यात, जिल्हा धाराशिव. बांधावर आजोबांच्या काळची चिंच आहे, तिच्यावर घारीनं घरटं केलंय. आईच्या गावरान कोंबड्यांची पिल्लं रोज उचलली जातायत. थोरले बंधू म्हणतात, झाड आपलं, वावर आपलं, चिंच लाकूडवाल्याला देऊन टाकू. शेजारचे काका मटणाला थिमेट (शेतात वापरायचं विषारी कीटकनाशक) लावून ठेवायचा सल्ला देतात (त्यांचा सगळ्यावर एकच इलाज!). स्वतःच्या जमिनीत आपल्याला नक्की काय करता येतं? जाणकारांनी सांगावं.

उत्तर १:
भाऊ, आधी खात्री करा की ती घारच आहे. उडताना शेपटीला खाच दिसली तर घार. झुडपातून सुसाट येऊन उचलणारा, कबुतराएवढा असेल तर शिक्रा.

वन्यजीव संरक्षण कायदा 1972 दोघांनाही लागू आहे, आणि तो जंगलापुरता नाही, सातबारा तुमच्या नावावर असला तरी लागू. नुसतं मारणंच नव्हे, अंडी-घरट्याची नासधूस करणं किंवा त्यांना त्रास देणं हीसुद्धा कायद्यानं शिकारच. कायद्याच्या अनुसूची 1 (सर्वात जास्त संरक्षण असलेल्यांची यादी) मधला पक्षी असेल तर 3 ते 7 वर्षं कैद आणि किमान 25,000 रुपये दंड. सरपंच किंवा तलाठ्याच्या तोंडी होकाराला काही अर्थ नाही.

चिंचेचं म्हणाल तर घरटं नसतं तरी ती परस्पर तोडता येत नाही. 1964 च्या वृक्षतोड कायद्याच्या यादीत ती आहे, वृक्ष अधिकाऱ्याची लेखी परवानगी लागते. बंधूंना हे आधी सांगा, लाकूडवाला सांगणार नाही.

थिमेटचा विषयच नको. मेलेली घार कुत्र्यानं खाल्ली की तेही जातं.

उत्तर २:
पिल्लं लहान आहेत तोवर कोंबडीसकट डालग्याखाली ठेवा. खुराड्यापुढच्या अंगणावर मासे धरायचं जुनं जाळं ताणा, पण ते ताठ असू द्या, ढिल्या जाळ्यात पक्षी अडकतात. कोंबडी कापल्यावर आतडी उकिरड्यावर टाकता का? घार त्यालाच येते, पुरून टाका. अंगणात उतरली तर हाकलायला हरकत नाही, घरट्यावर दगड मात्र नको.

धागाकर्ता:
आतडी उकिरड्यावरच जातात, आजपासून बंद. जाळं मामाकडून आणतो. बंधू अजून कुरकुरतायत. पण काकांनी खरंच थिमेट ठेवलं तर कुणाला कळवायचं?

उत्तर १:
वनविभागाचा 1926 नंबर. त्याआधी काकांना शिक्षेचा आकडा ऐकवून बघा.