अनुभव धागा : रेडिएटरचा पंखा बंद पडला तेव्हा

रानवारा
काल सिग्नलला शेजारच्या गाडीच्या बॉनेटखालून पंखा सुरू झाल्याचा आवाज आला, तो घर्रर्र चढत जाणारा, आणि बाबांची जुनी गाडी आठवली. बाबा गाडी बंद केल्यावर लगेच उतरायचे नाहीत. पंखा थांबेपर्यंत बसून राहायचे.

आईला तपासणीला नेत होतो त्या दिवशी हाच पंखा फिरला नाही. गर्दीत अडकलो होतो. तापमानाचा काटा नेहमीच्या जागेवरून हलला आणि चढतच गेला. बाबांनी एसी बंद केला, हीटर पूर्ण गरमवर, ब्लोअर शेवटच्या आकड्यावर, काचा खाली. आई घामाघूम, आणि त्यात हीटर! मला तेव्हा कळेना. नंतर बाबांनी समजावलं की हीटरची आतली जाळी म्हणजे छोटा रेडिएटरच, इंजिनाचं तेच गरम पाणी तिच्यातून फिरतं, त्यामुळे तेवढी उष्णता आत काढून घेता येते. काटा खरंच थांबला. बाजूला जागा मिळताच इंजिन बंद केलं आणि आईला दुसऱ्या वाहनाने पुढे पाठवलं.

पंखा आम्ही घरीच बदलला. मी टॉर्च धरून उभी होते. नवा पंखा पहिल्यांदा फिरला तेव्हा बाबांनी नुसती मान डोलावली, पण चेहरा मी अजून विसरले नाही.

तुमच्या गाडीचा पंखा कधी गेला? कसं कळलं, काय बदललं, काय उगाच बदललं गेलं? लिहा सगळे. नवीन गाडी घेतलेल्यांना उपयोग होईल.

टेस्टलॅम्प
मोटर बदलायच्या आधी कपलर (वायरींचा जोड) बघा. हे एवढं एकच वाक्य वाचलं तरी चालेल.

आमच्या गाडीचा पंखा एका गॅरेजमध्ये बदलला. काही आठवड्यांत पुन्हा बंद. ते म्हणाले मोटर डुप्लिकेट निघाली, दुसरी टाकू. मी गाडी घरी आणली आणि कपलर उघडला. एक पिन काळपट, भोवतीचं प्लॅस्टिक वितळून तपकिरी. पिन सैल असली की तिथे रेझिस्टन्स वाढतो, तिथेच गरम होतं, गरम झालं की आणखी सैल होतं. पंख्याची मोटर १५-२० अँपिअर सहज खेचते, मोठ्या पंख्याची त्याहून जास्त, आणि सुरू होतानाचा झटका वेगळाच. एवढा करंट सैल पिनमधून जात नाही.

आणि गंमत बघा, टेस्ट लॅम्प लावला तर तो झकास पेटत होता. लॅम्पला करंट किती लागतो? नगण्य. त्यामुळे 'वीज पोचतेय, म्हणजे मोटरच खराब' असा निष्कर्ष काढला जातो. मीटर लावा तो पंखा जोडलेला ठेवून, लोडवर. आमच्याकडे बॅटरीवर १२ च्या वर आणि कपलरनंतर ९ च्या आसपास होतं. कपलर वायरींसकट बदलला, जॉइंट क्रिंप करून वर हीटश्रिंक नळी. जुनी मोटर मी मागून आणली होती, तीही लावून पाहिली. उत्तम चालत होती.

रानवारा
@टेस्टलॅम्प, वाचून वाईट वाटलं. चांगली मोटर भंगारात जाणार होती की.

गिअर_पाचवा
आमच्याकडे उंदीर. वायर कुरतडली, बाकी सांगण्यासारखं काही नाही.

निळीशाई
@गिअर_पाचवा उंदरांवर काय उपाय केलात? आमच्याकडे बॉनेटच्या आतलं अस्तरसुद्धा नेलंय पठ्ठ्यांनी.

गिअर_पाचवा
वायरींवर जाड कोरुगेटेड नळी चढवली आणि गाडी रोज हलवतो. जास्त दिवस एका जागी राहिली की घर करतात.

पाऊसवेडी
आम्हाला आधी एसीने सांगितलं! गाडी चालत असेल तर एकदम गार, सिग्नलला थांबली की गरम हवा. सगळे म्हणाले गॅस संपला, भरून घ्या. भरलासुद्धा. फरक शून्य.

मग नवऱ्याच्या मित्राने बॉनेट उघडून एसी लावायला सांगितला. पंखा फिरेना. एसीचा कंडेन्सर (गॅस गार करणारी जाळी) रेडिएटरच्या पुढेच असतो ना, दोघांनाही हवा खेचून देणारा पंखा तोच. वेगात असताना समोरून वारा मिळतो, उभं राहिलं की सगळं पंख्यावर. त्यामुळे हायवेला गाडी ठीक आणि गर्दीत तापते असं असेल तर आधी पंख्याकडे बघा. उलट हायवेलाच तापत असेल तर पंखा बहुधा निर्दोष, मग थर्मोस्टॅट (तापमानानुसार पाणी सोडणारी झडप), पाण्याचा पंप, चोंदलेला रेडिएटर
बाळ उठलं, उरलेलं नंतर

आजोबा_स्टिअरिंगवर
मंडळी, मी पट्ट्यावरच्या पंख्याच्या काळातला ड्रायव्हर. इंजिन फिरलं की पंखा फिरणारच. पट्टा तुटला तरच बंद, आणि पट्टा तुटला की पाण्याचा पंपही बंद, म्हणून पट्टा जवळ ठेवल्याशिवाय आम्ही लांब निघायचो नाही. पुढे व्हिस्कस कपलिंग आलं. त्यात सिलिकॉनचं तेल असतं, रेडिएटरमधून येणारी हवा तापली की ते पकड घेतं आणि पंखा जोरात फिरतो, गार असताना निसटता फिरतो. ते तेल गळलं की पंखा फिरताना दिसतो पण जोर नसतो. गरम इंजिन बंद करून, सगळं थांबल्यावर पंखा हाताने फिरवायचा. चांगलं कपलिंग अडखळत फिरतं, गेलेलं भिंगरीसारखं मोकळं सुटतं.

इलेक्ट्रिक पंखा अडला आणि आपण रस्त्यात असलो तर मोटरच्या पाठीवर लाकडी दांड्याने हलके ठोके द्यावेत. मोटरच्या आतले कार्बन (वीज पोचवणारे ब्रश) झिजले असतील तर पुन्हा टेकतात आणि पंखा सुटतो. घरापर्यंत नेतो. पण पात्यांच्या जवळ हात नाही, सदऱ्याची बाही नाही, ओढणी नाही. सुटला तर विचारून सुटत नाही तो. आणि असा एकदा सुटला म्हणजे मोटर बरी झाली असं समजू नये. कार्बन झिजलेलेच आहेत, ती बदलायचीच.

ड्रायव्हिंग शिकवणाऱ्यांनी काटा बघायला शिकवलं पाहिजे. आजकाल काही गाड्यांत काटाच नाही, नुसता लाल दिवा. तो लागेपर्यंत उशीर झालेला असतो. यावर खरं तर वेगळा धागा काढायला हवा.

सावकाश_चला
काका, माझ्या गाडीत काटा नाही. मग काय करू?

टेस्टलॅम्प
ओबीडीचा (गाडीच्या कॉम्प्युटरमधले आकडे वाचणारा) छोटा रीडर मिळतो, फोनवर तापमानाचा आकडा दिसतो. बहुतेक गाड्यांत पंखा ९५ ते १०५ अंशांच्या दरम्यान सुरू होतो. आपल्या गाडीचा नेहमीचा आकडा एकदा बघून ठेवायचा.

निळीशाई
झाकणाबद्दल कोणीतरी लिहा म्हणणार होते, मीच लिहिते. माझ्या मामांनी गाडी तापल्यावर लगेच रेडिएटरचं झाकण उघडलं. हात आणि मान भाजली. बरं व्हायला फार वेळ लागला आणि अजून त्या हाताने वजन उचलत नाहीत.

ते झाकण आत साधारण १ बार जास्तीचा दाब धरून ठेवतं. दाबामुळे आणि पाण्यात मिसळलेल्या कूलंटमुळे ते पाणी १०० ला उकळत नाही, निम्मं कूलंट असेल तर १२५ च्या पुढे जातं. झाकण सैल केलं की दाब सुटतो आणि तेच पाणी क्षणात वाफ होऊन अंगावर येतं. प्रेशर कुकरचं झाकण शिट्टी व्हायच्या आत उघडण्यासारखं आहे हे. गाडीवर पाणी ओतायचं नाही, फडकं धरूनही झाकण उघडायचं नाही. रेडिएटरचा वरचा होज (रबरी नळी) हाताला गार लागेपर्यंत थांबायचं. घाई कितीही असू दे.

रानवारा
@निळीशाई, मामांना नमस्कार सांगा. हे वर धाग्यात जोडते.

सावकाश_चला
पंखा घरी बदलता येतो का? मला गाडीचं काम शिकायचं आहे, हात चालतो.

अर्धवेळ_मिस्त्री
येतो. शिकायला चांगलं काम आहे. मी शनिवारी-रविवारी स्वतःच्या आणि भावंडांच्या गाड्या करतो, सविस्तर लिहितो.

आधी मोटरच गेली आहे हे ठरवा. फ्यूज (बहुतेक ३० किंवा ४० अँपिअरचा), मग रिले (छोट्या करंटने मोठा करंट चालू-बंद करणारा स्विच). त्याच नंबरचा दुसरा रिले बॉक्समध्ये असतो, अदलाबदल करून बघा. मग इंजिन बंद, कपलर काढा आणि मोटरला बॅटरीवरून डायरेक्ट द्या, मध्ये फ्यूज असलेल्या जाड वायरीने. फिरली तर मोटर चांगली, दोष मागे कुठेतरी. नाही फिरली, कण्हली किंवा सावकाश फिरली तर मोटर गेली. दोन स्पीडच्या पंख्यात नुसता कमी स्पीड गेला असेल तर बऱ्याचदा रेझिस्टर जळलेला असतो, आणि तो वेगळा मिळतो. कंट्रोल मॉड्यूलवाल्या, ब्रशलेस (कार्बन नसलेल्या) पंख्यांना मात्र डायरेक्ट देऊ नका. त्यांना सिग्नल लागतो, स्कॅनर लावणाऱ्याकडे न्या.

आता खोलणं. इंजिन पूर्ण थंड. बॅटरीची निगेटिव्ह काढा, हे चुकवायचं नाही, कारण चावी बंद असतानाही पंखा आपोआप सुरू होऊ शकतो. कपलर सोडवा, वायर ज्या क्लिपांत आहे त्या सोडवा, कुठून कशी गेली होती त्याचा फोटो काढा. पंखा सहसा प्लॅस्टिकच्या श्राउडसकट (भोवतीच्या चौकटीसकट) निघतो. वर दोन बोल्ट, बऱ्याचदा १० चा पाना, आणि खाली नुसते खाचेत बसलेले पाय. बोल्ट काढून सरळ वर उचलायचा. अनेक गाड्यांत वरचा होज आडवा येतो. तो काढायचा असेल तर खाली स्वच्छ भांडं ठेवून कूलंट उतरवून घ्या. सांडलेलं लगेच पुसा. ते चवीला गोड आणि विषारी असतं, कुत्री-मांजरं चाटतात आणि जिवाला मुकतात.

उचलण्याआधी रेडिएटर आणि पंख्याच्या मध्ये जाड पुठ्ठा सरकवा. हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. रेडिएटरच्या पातळ पट्ट्या श्राउडचा कोपरा लागला की वाकतात, नळीला लागला तर गळती. पंख्याचं काम करता करता रेडिएटर बदलावा लागलेले लोक पाहिलेत.

नवा पंखा जुन्याशेजारी ठेवून बघा. पात्यांची संख्या, वळण, व्यास, कपलरच्या पिना. पातं फिरताना श्राउडला घासत नाही ना, हाताने फिरवून पाहा. पातं तुटलेला पंखा 'चालतोय ना' म्हणून ठेवू नका. तोल जातो, बेअरिंग जातं, आणि उरलेलं पातं सुटलं तर थेट रेडिएटरमध्ये.

कूलंट काढलं असेल तर भरताना पुस्तकात लिहिलेल्याच प्रकारचं भरा, वेगवेगळे प्रकार एकत्र करू नका. थंड असतानाच झाकण काढून, हीटर गरमवर ठेवून इंजिन चालू करा म्हणजे आतली हवा निघते. हवा काढायचा वेगळा स्क्रू असेल तर तो वापरा. बुडबुडे थांबले, पातळी स्थिर झाली की इंजिन तापायच्या आत झाकण लावा. मग गाडी उभी ठेवूनच पंखा आपोआप सुरू होऊन बंद होतो का ते बघा. तो बंद होऊन दुसऱ्यांदा सुरू झालेला पाहिल्याशिवाय मी हत्यारं आवरत नाही.

सावकाश_चला
दादा, मनापासून आभार. प्रिंट काढून ठेवते.

पाऊसवेडी
आले परत. वरचं वाचून आठवलं, आमच्याकडे नवा पंखा लावल्यावरही गाडी तापत होती. वायरी उलट जोडल्या होत्या! पंखा फिरत होता पण हवा पुढे ढकलत होता. नवऱ्याच्या मित्रानेच शोधलं. एसी लावून समोरच्या जाळीवर कागद धरला. पंखा मागून खेचणारा असेल तर कागद चिकटायला हवा, आमचा उडून गेला.

अर्धवेळ_मिस्त्री
हे फार चांगलं लिहिलंत ताई. मी कागदाची परीक्षा लिहायला हवी होती. कपलर कापून वायरी पिळल्या की हा धोका असतोच.

घाट_उतरताना
माझा अनुभव जरा दुःखाचा आहे. काटा वर गेला आणि मग आपोआप खाली आला. मित्र चालवत होता, त्याला वाटलं निवळलं. खरं तर पाणी संपलं होतं. सेन्सर पाण्यात नसला की कोरड्या हवेत खोटं सांगतो. इंजिनाचं अॅल्युमिनियमचं हेड (वरचा भाग) वाकलं, त्याखालचं गॅस्केट (सील) गेलं, ऑइल दुधाळ झालं. सुरुवात कशामुळे? जळालेल्या एका रिलेमुळे. मित्र अजून स्वतःला दोष देतो. मी त्याला सांगतो, हे कोणी शिकवलेलंच नसतं.

आजोबा_स्टिअरिंगवर
त्याला सांगा, चाळीस वर्षं चालवणारेही यात फसतात. काटा चढून अचानक पडला आणि हीटरमधून गार हवा यायला लागली की पाणी गेलं असं धरायचं आणि तिथेच थांबायचं.

निळीशाई
आमचा पंखा गाडी बंद केल्यावरही फिरत राहतो, दहा मिनिटं तरी. हे बरोबर आहे का?

टेस्टलॅम्प
थोडा वेळ फिरणं अनेक गाड्यांत मुद्दाम दिलेलं असतं. थंड इंजिनावरही फिरत असेल किंवा थांबतच नसेल तर रिलेचे पॉइंट चिकटलेत का बघा. तापमानाचा सेन्सर तुटला किंवा त्याचा कपलर निघाला तरी बऱ्याच गाड्या काळजीपोटी पंखा सतत चालू ठेवतात. रात्रभर चालला तर सकाळी बॅटरी बसलेली मिळेल.

निळीशाई
सकाळी थंड असताना बघून इथेच सांगते.