तरंगमबाडीच्या जुन्या ल्युथरन चर्चमध्ये काय पाहावे?

प्रश्न: डिसेंबरात आम्ही वडोदऱ्याहून तंजावरला जाणार असून तेथून तमिळनाडूच्या किनाऱ्यावरील तरंगमबाडी (ट्रँकेबार) या पूर्वीच्या डॅनिश वसाहतीतील न्यू जेरुसलेम चर्चही पाहण्याचा विचार आहे. त्याच्या बांधणीत काय लक्षपूर्वक पाहावे, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर १: डेन्मार्कच्या राजाच्या आश्रयाने १७०६ मध्ये आलेले जर्मन मिशनरी त्सीगेनबाल्ग यांनी १७०७ मध्ये उभारलेले पहिले चर्च समुद्राच्या माऱ्यात नष्ट झाल्यावर हे दुसरे १७१८ मध्ये बांधून झाले. आराखडा क्रुसाच्या आकाराचा आहे. दर्शनी भिंतीवरचे डेन्मार्कचा राजा चौथा फ्रेडरिक याचे मुकुटासह आद्याक्षरचिन्ह अवश्य पाहा. पुढच्याच वर्षी त्सीगेनबाल्ग वारले. त्यांची समाधी आतच आहे.

उत्तर २: वरील माहितीत एक भर घालतो. तरंगमबाडीच्याच मिशनमधून पुढे आलेले जर्मन मिशनरी श्वार्ट्झ हे तंजावरच्या दुसऱ्या सरफोजीराजे भोसल्यांचे गुरू. त्यांच्या स्मरणार्थ राजांनी लंडनच्या जॉन फ्लॅक्समन या शिल्पकाराकडून करवून घेतलेले संगमरवरी शिल्प तंजावरच्या श्वार्ट्झ चर्चमध्ये आहे. मृत्युशय्येवरील गुरूंचा हात राजांनी हाती घेतला आहे, असा तो प्रसंग आहे. मला स्वतःला तरंगमबाडीपेक्षा हेच अधिक भिडले.

प्रश्नकर्ता: मनःपूर्वक आभार. तंजावरचा मुक्काम एक दिवसाने वाढवतो.