सापसणीचं मूळ आणि किडनी: ट्युमरचे जीन्स बघून विष कुठलं ते खरंच कळतं?

ठाणे_व्हाया_कुडाळ
मंडळी, प्रश्न जरा लांबलचक आहे, सांभाळून घ्या. गावी आमच्या विहिरीच्या गडग्यावर सापसणीची वेल आहे, काही जण ईश्वरी पण म्हणतात. थोरले काका (वय ७१) पोट बिघडलं, कणकण वाटली की तिचं मूळ सहाणेवर उगाळून घेतात, वर्षानुवर्षं घेतायत, आणि वाडीत कुणाला काही चावलं की लोक मूळ मागायला आधी आमच्याच दारात येतात. आता वाचनात आलं की याच कुळातल्या झाडांनी किडनी जाते आणि कॅन्सरही होतो, आणि म्हणे तैवानमधे पेशंटच्या ट्युमरचे जीन्स वाचून ते दाखवून दिलंय. किडनी खराब होते इथपर्यंत ठीक आहे, पण जीन्स बघून 'हे याच झाडामुळे झालं' कसं काय सांगतात बुवा? माणूस शंभर गोष्टी खातो, विडी ओढतो, फवारणी करतो. आणि दुसरं म्हणजे काकांची अशी काही टेस्ट करता येईल का? नुसतं 'घेऊ नका' सांगून उपयोग नाही, 'आमचे आजे घेत होते, नव्वदी गाठली त्यांनी' हे उत्तर तयारच असतं.

पिपेट
कॅन्सर जीनोमिक्समधे काम करतो म्हणून लिहितोय.

या झाडांमधे ॲरिस्टोलोकिक ॲसिड असतं. ते पोटात गेलं की आपल्याच शरीरातली एन्झाइम्स त्याचं रूप बदलतात आणि मग ते डीएनएतल्या चार अक्षरांपैकी (ए, टी, जी, सी) 'ए' या अक्षराला जाऊन चिकटतं. पेशी दुभंगताना कॉपी काढणाऱ्या यंत्रणेला तो चिकटलेला 'ए' धड वाचता येत नाही, समोर 'टी' टाकायचा तर ती 'ए' टाकून मोकळी होते, आणि पुढच्या कॉपीत मूळ 'ए'च्या जागी कायमचा 'टी' बसतो. आता गंमत अशी की 'ए'चा 'टी' होणं हा प्रकार बाकीच्या कॅन्सरमधे फार दिसत नाही. सिगरेटचा धूर 'जी'चा 'टी' करतो, उन्हातले अतिनील किरण 'सी'चा 'टी' करतात, प्रत्येकाची खोड वेगळी. पूर्वी कोर्टाबाहेर बसणाऱ्या टायपिस्टच्या मशीनचं एखादं अक्षर वाकडं पडायचं आणि अर्ज कुणाकडून टाइप करून आणलाय ते कारकुनाला लगेच कळायचं, तसंच हे. एका म्युटेशनवरून (म्हणजे अशा एका अक्षरबदलावरून) कुणी काही सांगत नाही, शेकडो म्युटेशन्सचा पॅटर्न बघतात आणि शेजारची अक्षरं कुठली होती तेही बघतात. इथे 'सी' आणि 'जी'च्या मधे सापडलेला 'ए' जास्त मार खातो.

तैवानचा २०१३ चा अभ्यास मूत्रमार्गाच्या वरच्या भागातल्या कॅन्सरवर होता. हे ॲसिड पोटात गेलेल्या १९ पेशंटच्या ट्युमरमधे सरासरी ७५३ म्युटेशन्स निघाली, बाकीच्यांच्या ट्युमरमधे सरासरी ९१. म्हणजे सिगरेटलाही मागे टाकणारं प्रकरण आहे हे.

अजून एक वाईट गोष्ट. डीएनएला चिकटलेला हा माल पेशीच्या दुरुस्ती यंत्रणेच्या नजरेतून बराचसा सुटतो, त्यामुळे औषध बंद करून वीस वर्षं झालेल्या लोकांच्या किडनीतही तो सापडलाय.

काढेवाला
झालं सुरू. दर वेळी आपल्याच वनस्पती वाईट आणि तैवानचा कुठलातरी रिसर्च. तिकडे हेपाटायटिस बी किती आहे ते बघा, सिगरेट बघा. आणि सुटं रसायन वेगळं, वैद्याने शोधन करून दिलेलं औषध वेगळं.

पिपेट
@काढेवाला अहो 'आपल्या' कुठून आल्या यात? पहिला मोठा गाजावाजा ब्रसेल्समधे झाला, ९० च्या दशकाच्या सुरुवातीला, वजन कमी करायच्या क्लिनिकमधे. गोळ्यांमधे एका चिनी मुळीच्या जागी मिळत्याजुळत्या नावाची ॲरिस्टोलोकियाची मुळी गेली आणि शंभरच्या वर बायकांच्या किडन्या खराब झाल्या. पुढे त्यातल्या ३९ जणींच्या निकामी किडन्या खबरदारी म्हणून काढल्या तर १८ जणींना मूत्रमार्गाचा कॅन्सर आधीच झालेला निघाला.

आणि बाल्कनमधे तर औषधाचा संबंधच नव्हता. क्रोएशिया, सर्बिया, बोस्निया, बल्गेरिया, रोमानिया, तिथे डॅन्यूबच्या उपनद्यांकाठच्या ठराविक गावांतच किडनीचा एक आजार होता, शेजारचं गाव ठणठणीत. घराण्यात चालत आलेलं म्हणावं तर बाहेरून येऊन स्थायिक झालेल्यांनाही पंधरा-वीस वर्षांनी व्हायचा. पाणी, बुरशी, जड धातू, सगळ्यांवर संशय घेऊन झाला. या कुळातलं एक तण गव्हात उगवायचं, त्याच्या बिया कापणीत गव्हाबरोबर यायच्या, पिठात दळल्या जायच्या आणि घरोघरी त्याचाच ब्रेड. हा संशय १९६९ मधेच कुणीतरी मांडला होता, पण तो नीट पक्का झाला २००७ मधे, किडनीच्या डीएनएला चिकटलेलं ॲसिड आणि ट्युमरमधल्या पी-५३ या कॅन्सरला आळा घालणाऱ्या जीनमधे 'ए'चा 'टी' एकत्र सापडले तेव्हा. मला विचाराल तर जीनोमिक्सचा खरा उपयोग हाच, पेशंटला वीस वर्षांपूर्वी काय खाल्लं ते आठवत नाही, बाल्कनमधे तर खाल्लं हेच माहीत नव्हतं.

हेपाटायटिसचा तुमचा मुद्दा मात्र बरोबर आहे. तैवानमधे नंतर लिव्हरचे ९८ कॅन्सर तपासले त्यात ७८ टक्क्यांमधे हा 'ए'चा 'टी'वाला शिक्का दिसला, पण शिक्का आहे म्हणून कॅन्सर फक्त त्यामुळेच झाला असं होत नाही. ॲसिड त्या पेशीपर्यंत पोचलं होतं आणि तिथे बिघाड करून गेलं एवढं नक्की म्हणता येतं, बाकी व्हायरसचा वाटा किती हे त्यावरून कळत नाही.

उंदीरमामा
मी पुण्यात टॉक्सिकॉलॉजी लॅबमधे आहे. पिपेट म्हणतायत तो कायमचा डाग झाला. आम्ही बघतो ते तात्पुरतं, म्हणजे विष दिल्यावर कुठले जीन्स चालू झाले आणि कुठले बंद. उंदराला डोस द्यायचा, ठरल्या वेळी लिव्हरचा तुकडा काढायचा आणि लगेच लिक्विड नायट्रोजनमधे टाकायचा, तिथे चहाला जाऊन आलात तर आरएनएची (म्हणजे चालू जीन्सच्या कॉप्यांची, त्याच आम्ही मोजतो) वाट लागते. कॅडमियम दिलं की मेटॅलोथायोनिनचे जीन्स उसळतात कारण पेशी तो धातू पकडून ठेवायला बघते, पॅरासिटामॉल जास्त झालं की विष निकामी करणारं पेशीतलं ग्लुटाथायोन संपत येतं आणि मग त्याच्या भरपाईची जुळवाजुळव करणारे जीन्स जागे होतात. जपानने अशी १७० रसायनं उंदरांवर आणि माणसाच्या लिव्हरच्या पेशींवर तपासून डेटा खुला ठेवलाय, नवीन औषधाचा पॅटर्न त्याच्याशी ताडून बघता येतो. पण हे सगळं औषध बाजारात यायच्या आधी कामाचं, काकांसाठी शून्य.

पिपेट
@ठाणे_व्हाया_कुडाळ हो, टेस्टचं राहिलंच. धडधाकट माणसाचा हा शिक्का शोधणारी टेस्ट लॅबमधे जाऊन करता येत नाही, त्याला ट्युमरचा नाहीतर किडनीचा तुकडा लागतो. काकांचं साधं क्रिएटिनिन, लघवीत प्रोटीन आणि रक्त आहे का, आणि किडनीची सोनोग्राफी एवढं करा, आणि डॉक्टरांना मुळीचं स्पष्ट सांगा, ते आपणहून विचारत नाहीत. आजोबा नव्वदीत गेले हे खरंच असेल, सगळ्यांना होत नाही. ब्रसेल्समधेही त्या गोळ्या घेतलेल्या सगळ्याच बायका आजारी पडल्या नव्हत्या.

आणि खरं सांगू का, मला काकांपेक्षा तुमच्या दारात येणाऱ्यांची जास्त काळजी वाटते. साप चावल्यावर मूळ उगाळण्यात गेलेला अर्धा तास घोणस-मण्यारीच्या केसमधे जीव घेतो. थेट सरकारी दवाखाना, ॲन्टिव्हेनम तिथेच मिळतं.

सुरवंट
अवांतर आहे पण कृपा करून रागाच्या भरात वेल उपटू नका. क्रिमझन रोझ फुलपाखराच्या अळ्या याच वेलीवर वाढतात, हेच ॲसिड अंगात साठवतात आणि त्यामुळे पक्षी त्यांच्या वाटेला जात नाहीत. वेल असू दे की, तुम्ही खाऊ नका म्हणजे झालं.

काढेवाला
बाल्कनचं माहीत नव्हतं, वाचतो. तरी वैद्यांना न विचारता स्वतःच मूळ खणून वर्षानुवर्षं घेणं हे आमच्याकडेही कुणी सांगत नाही, हे नोंदवून ठेवतो.

ठाणे_व्हाया_कुडाळ
सगळ्यांचे आभार. रविवारी गावी जातोय, क्रिएटिनिन आणि लघवीची तपासणी तरी करून घेतोच, सोनोग्राफीला काका तयार होतील असं वाटत नाही, पण काकूला हाताशी धरतो. सापाचं मी या बाजूने पाहिलंच नव्हतं, विहिरीपाशी तालुक्याच्या दवाखान्याचा नंबर रंगवून टाकतो. वेल उपटत नाही, अळ्या असतील तर फोटो टाकेन. काढेवाला, ओळखीच्या वैद्यांना विचारून आमच्या भागात कुठल्या कुठल्या काढ्यांमधे हे मूळ पडतं त्याची यादी मिळाली तर इथेच द्या, कारण काकांकडे अजून तीन बाटल्या आहेत आणि लेबल एकीवरही नाही.