रोज सकाळी शी झालीच पाहिजे, हा हट्ट कशासाठी?

सावकाश
विषय पोटाचा आहे. नाक मुरडणाऱ्यांनी इथूनच परतावं.

माझा दिवस वर्षानुवर्षं संडासात सुरू व्हायचा आणि बऱ्याचदा तिथंच अडकायचा. कळ असो वा नसो, सहाला आत जायचं म्हणजे जायचं. वीस-पंचवीस मिनिटं बसायचं, कुंथायचं. झाली तर दिवस बरा. नाही झाली तर दिवसभर डोक्यात तेच, आणि पोटापेक्षा डोकंच जास्त जड.

गेल्या वर्षी फिशर (गुदद्वाराला चीर) झालं. ज्याला झालंय त्याला सांगायला नको आणि ज्याला नाही त्याला सांगून कळणार नाही. डॉक्टर "किती वेळा होते?" असं विचारतील म्हणून मी उत्तर तयार ठेवलं होतं. त्यांनी विचारलं, "किती वेळ बसता?" मी खरं सांगितलं. त्यावर ते म्हणाले, "एवढा वेळ तिथं करता काय?" याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं.

तेव्हा पहिल्यांदा कळलं की दिवसातून तीनदा ते आठवड्यातून तीनदा, यांतलं काहीही नॉर्मल असू शकतं. किती वेळा होते यापेक्षा कशी होते ते बघायचं. ब्रिस्टलच्या लुइस आणि हीटन यांनी १९९७ साली छापलेला सात प्रकारांचा तक्ता त्यासाठीच वापरतात. पहिला प्रकार सुटे कडक खडे, सातवा निव्वळ पाणी. तिसरा (वरून तडे गेलेली) आणि चौथा (गुळगुळीत, मऊ) हे चांगले. मी रोज सहाला हजेरी लावून पहिला प्रकार काढत होतो, आणि त्याला नियमितपणा म्हणत होतो.

माझं म्हणणं एवढंच आहे. कळ आली की जा. पाच मिनिटांत झाली नाही तर उठा. आज नाही झाली तर उद्या होईल.

शिस्तप्रिय
हे वाचून आळशी लोकांना आनंद होणार!

अहो, हट्ट आणि सवय यांत फरक आहे. सकाळी उठल्यावर आणि काही खाल्ल्यावर मोठ्या आतड्याची हालचाल वाढते. पोटात अन्न पडलं की आतडं पुढचं पुढे ढकलायला लागतं, ही शरीराची मूळ रचना आहे. ती वेळ हातची घालवली की मग कळ कुठं येते? बसमध्ये, मीटिंगमध्ये, परक्या घरी. तिथं माणूस ती दाबतो. दाबली की मळ आत राहतो, आतडं त्यातलं पाणी शोषत राहतं, तो आणखी कडक होतो. वारंवार असं झालं की गुदाशयाला ताणाची सवय होते आणि कळ येणंच मंदावतं. लहान मुलांत तर हे चक्र फार लवकर बसतं. एकदा दुखलं की मूल दाबून धरतं, धरलं की पुढच्या वेळी जास्त दुखतं.

चरकसंहितेत सूत्रस्थानाचा एक अध्याय न दाबण्याच्या तेरा वेगांपासूनच (शरीराच्या नैसर्गिक प्रेरणांपासून) सुरू होतो, आणि मलाचा वेग त्यात अगदी वर आहे. ठरलेली वेळ पाळणं म्हणजे त्या वेगाला दार उघडं ठेवणं. तुम्ही दारच बंद करायला निघालात.

सावकाश
दाबू नका हे मलाही मान्य आहे, मुळात लिहिलंय "कळ आली की जा". पण वाग्भटाने अष्टांगहृदय या आयुर्वेदाच्याच ग्रंथात दुसरी बाजूही सांगितली आहे. वेग बळेच आणू नये. म्हणजे दाबूही नका आणि ओढूही नका. आपल्याकडे पहिलं वाक्य सगळ्यांना पाठ, दुसरं कुणालाच नाही. माझं फिशर दुसऱ्या वाक्यातलं होतं.

उकिडवा
दोघंही वेळेवर भांडताय आणि बसता कसे ते कुणीच बोलत नाही.

गुदाशयाच्या शेवटाला एक स्नायू फासासारखा अडकवलेला असतो. तो नळी पुढं खेचून धरतो, म्हणून आपल्याला धरून ठेवता येतं. खुर्चीसारखं बसलं की हा फास अर्धवटच सुटतो. उकिडवं बसलं की नळी बरीच सरळ होते. पाण्याच्या पाइपाला बाक पडला असेल तर नळ जास्त सोडायचा की बाक काढायचा? सिकिरोव्ह या संशोधकांनी २००३ साली २८ जणांवर घड्याळ लावून बघितलं. उकिडवं बसून सरासरी ५१ सेकंद, नेहमीच्या उंचीच्या कमोडवर १३०. कुंथणंही उकिडवं बसल्यावर कमी.

कमोड काढायची गरज नाही. पायाखाली वीतभर उंचीचं स्टूल घ्या, गुडघे कमरेच्या वर येऊ द्या, थोडं पुढं झुका. (प्रयोगशाळेतल्या स्टूलचा विनोद मीच करून टाकतो, म्हणजे खाली कुणी करायला नको.)

गुडघा
२८ जण, तेही धडधाकट. माझ्या आईचे दोन्ही गुडघे बदललेत, तिला हे ५१ सेकंद कुणी सांगायचे? ती उकिडवी बसली तर उठवायला दोन माणसं लागतील. स्टूलही तिच्यासाठी अडथळाच आहे. रात्री अंधारात कमोडपुढं ठेवलेल्या स्टुलाला पाय लागून ती पडली असती. थोडक्यात वाचली. त्या दिवसापासून ते वापरलं की भिंतीला सरकवून ठेवतो आणि शेजारी हाताला आधाराची दांडी बसवली आहे. तिला दांडीनेच जास्त फरक पडला. पडायची भीती असली की माणूस आखडून बसतो, आणि आखडलेल्या माणसाला होत नाही.

म्हणून उकिडवं बसणं हाच एक मार्ग, असं छाती ठोकून सांगू नका.

वाचनालय
मी वेगळ्याच कारणासाठी सावकाश यांच्या विरोधात आहे. माझ्या दिवसातली तीच वीस मिनिटं माझी असतात! बाकी सगळीकडे कुणीतरी हाक मारतं. आत कडी लावली, मोबाईल काढला की जगाशी संबंध तुटतो (म्हणजे मोबाईलवरून जोडला जातो, पण ते जाऊ द्या). कुंथत नाही, घाई करत नाही, निवांत बसतो. यात कुणाचं काय बिघडतं?

रात्रपाळी
नर्स आहे, पोटाच्या विभागात बरीच वर्षं काढली आहेत.

वाचनालय, बिघडतं ते तुमचंच. कुंथलं नाही तरी बिघडतं. कमोडच्या मधल्या भोकावर बसलं की खालच्या भागाला आधार नसतो. तिथल्या रक्तवाहिन्या भरून फुगत राहतात. खुर्चीवर वीस मिनिटं बसणं आणि कमोडवर वीस मिनिटं बसणं सारखं नाही. बोस्टनमध्ये कोलोनोस्कोपीला (मोठ्या आतड्याच्या दुर्बीण तपासणीला) आलेल्या १२५ जणांचा अभ्यास २०२५ साली प्रसिद्ध झाला. संडासात मोबाईल वापरणाऱ्यांत मूळव्याधीची जोखीम ४६ टक्क्यांनी जास्त निघाली. दर वेळी पाच मिनिटांहून जास्त बसणारे मोबाईलवाल्यांत ३७ टक्के होते आणि बाकीच्यांत ७. मोबाईलमुळेच मूळव्याध झाली हे एवढ्यावरून सिद्ध होत नाही, हे खरं. पण पाच मिनिटांची पंचवीस कशी होतात ते मात्र दिसतं.

आणि स्वच्छतेचं बघा. आमच्या मजल्यावर रोज दिसणारं दृश्य सांगते. माणूस बाहेर येतो, मोबाईल काखेत धरतो, दोन्ही हात साबणानं छान चोळतो, बोटांच्या बेचक्यांतसुद्धा. हात पुसतो. मग त्याच स्वच्छ हातानं काखेतला मोबाईल काढून कानाला लावतो. ब्रिटनमध्ये २०११ साली तपासलेल्या मोबाईलपैकी साधारण सहातल्या एकावर ई. कोलाय हे आतड्यातले जंतू सापडले होते. मला त्याचं नवल वाटलं नाही.

झाकण
फ्लश करण्याआधी झाकण लावा, हेही लिहा. कोलोरॅडो विद्यापीठात २०२२ साली हिरव्या लेसरच्या उजेडात फ्लशचे तुषार दाखवले होते. आठ सेकंदांत कमोडच्या दीड मीटर वर. म्हणजे उभ्या माणसाच्या तोंडापर्यंत सहज.

रात्रपाळी
ते झाकण नसलेल्या सार्वजनिक कमोडचं होतं. २०२४ साली ॲरिझोनातल्या लोकांनी झाकण लावून आणि उघडं ठेवून विषाणू मोजले, तर आसपासच्या पृष्ठभागांवर फारसा फरक पडला नाही. झाकणाखालच्या फटीतून हवा बाहेर येतेच. फरक पडला तो जंतुनाशक घालून भांडं घासल्यानं. झाकण लावा, वाईट नाही. पण ब्रश बाहेर काढा, आणि घासा.

एकदाच_साफ
इतकी चर्चा कशाला? मी रोज रात्री एक गोळी घेतो, सकाळी एका फटक्यात मोकळा. दहा वर्षं झाली.

सावकाश
याच मानसिकतेबद्दल धागा काढला होता. आत राहिलेला मळ अंगात विष भिनवतो, ही भीती फार जुनी आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला लंडनचे अर्बथनॉट लेन नावाचे नामांकित सर्जन बद्धकोष्ठ झालेल्यांचं मोठं आतडंच काढून टाकायचे! १९१९ साली अल्वारेझ या डॉक्टरांनी दाखवलं की डोकं जड होणं, सुस्ती वगैरे येते ती गुदाशय ताणला गेल्यानं, विषानं नव्हे. मळ बाहेर पडल्या क्षणी बरं वाटतं, आणि विष इतक्या झटकन उतरलं नसतं.

रात्रपाळी
गोळीवाल्यांचा हिशोब असा चुकतो. जोरदार जुलाबानं बरंच आतडं रिकामं होतं. ते परत भरायला दोन-तीन दिवस लागतात. तोवर होणार नाहीच, व्हायला आत काही नसतं. माणूस घाबरून दुसऱ्या रात्री परत गोळी घेतो. मग तो म्हणतो, गोळीशिवाय होतच नाही. सगळ्या गोळ्या वाईट नाहीत, काहींना डॉक्टर मुद्दाम रोज देतात. पण स्वतःच्या मनानं दहा वर्षं? एकदा दाखवून या.

आणि सावकाश, "आज नाही तर उद्या" यालाही मर्यादा आहे. आठवड्यातून तीनदा हे ज्याचं पहिल्यापासून तसं आहे त्याच्यासाठी. रोज होणाऱ्याची अचानक तीनदावर आली आणि आठवडे तशीच राहिली, वजन उतरलं, किंवा रक्त दिसलं, तर धागे वाचत बसू नका. "मूळव्याधच असेल" म्हणून रक्त अंगावर काढून उशिरा आलेले पेशंट मी बघितलेत.

सावकाश
हे मूळ लेखात हवं होतं. चुकलं.

शिस्तप्रिय
सहाची वेळ मी सोडणार नाही. पण पाच मिनिटांत उठायचं, हे पटलं. आज उठलो. नऊला नाश्त्यानंतर आपोआप कळ आली. योगायोग असेल.

वाचनालय
मोबाईलवर पाच मिनिटांचा गजर लावला तर चालेल का?

रात्रपाळी
चालेल. गजर लावा आणि मोबाईल बाहेर ठेवा.